डोळ्यांवरचा हार

हिराजी तरे गेल्यावर मला तीन ठिकाणांहून फोन आले. दिग्दर्शक म्हणून त्यांच्यावर चार शब्द लिहून द्या, तुम्ही इतकी वर्षं बरोबर होतात, जरा गोड लिहा. गोड लिहायला माझी ना नाही, पण ते खोटं होईल. तो हयात असताना मी त्याच्याबद्दल वाईटच बोलत होते आणि ते त्याला माहीत होतं. आता सूर बदलला तर तोच आधी हसेल. बारा वर्षं मी त्याला सर म्हटलं. इथे म्हणणार नाही.

दिघाशीच्या शेतकऱ्याघरचा हा मुलगा. सुरुवात लग्नाच्या शूटिंगपासून. मग हळदीच्या गाण्यांच्या सीड्या, मग केबलवर पाककृतींचा कार्यक्रम, मग पौराणिक मालिका, गुन्ह्यांच्या कथा, सासू-सुना, लहान मुलांसाठी भुताचं काहीतरी, आणि एक सिनेमा. भिवंडीत गोदामांना तोटा नाही. त्यातलं एक त्याने धरलं होतं. एका भिंतीला पुठ्ठ्याचा कैलास, समोरच्या भिंतीला पोलीस चौकी आणि मध्ये श्रीमंतांचा दिवाणखाना. सकाळी तो शंकराला झापायचा, दुपारी त्याच सुरात हवालदाराला. भक्ती म्हणा, भीती म्हणा, रडारड म्हणा, त्याला येत नाही असा प्रकार नव्हता, आणि काम ठरल्या दिवशी पुरं. हे लिहिताना मला त्रास होतोय, पण खरं आहे.

मी तेव्हा त्याच कंपाउंडच्या गेटवर ट्रकांचे पास लिहायचे. वय एकोणतीस, खारबावहून जाऊन-येऊन नोकरी. जेवणाच्या सुट्टीत शूटिंग बघत उभी राहायचे. एक दिवस शॉट ओके झाला, सगळे पांगले, आणि मी शेजारी उभ्या सलीमभाईंना म्हटलं, मघाशी त्या फोटोचा हार पांढरा होता, आता पिवळा आहे. सलीमभाई सेट लावायचे. आधी ते पॉवरलूमवर, म्हणजे यंत्रमागावर, कामाला होते. त्यांनी भिंतीकडे पाहिलं आणि कपाळावर हात मारला. तरे लांबून सगळं बघत होता. बुटका, काळा, अंगात बाराही महिने राखाडी हाफ शर्ट, खिशात तीन पेनं. जवळ आला.

"तू कोन?"

"गेटवर असते."

"गेटवर गाड्या बघतेस, हितं हार बघ. उद्यापास्नं ये."

एका शॉटमधून दुसऱ्या शॉटमध्ये काही बदलत तर नाही ना, हे बघायच्या कामाला कंटिन्युइटी म्हणतात. ते काम मला असं मिळालं. आणि हार बघ म्हणाला, त्याचा अर्थ मला दोन महिन्यांनी कळला.

घरगुती मालिका म्हटली की दिवाणखान्यात हार घातलेला एक फोटो लागतोच. कुणाचा तरी सासरा, कुणाचा तरी नवरा. सून त्याच्याशी बोलते, सासू त्याच्यापुढे रडते. बाकी ठिकाणी तिथे एखाद्या ज्युनियर आर्टिस्टचा नाहीतर निर्मात्याच्या काकांचा फोटो लावतात. तरेकडे तसं नव्हतं. "माझ्या शिरेलीत फुकट कोन मरत न्हाय," असं तो म्हणायचा. ज्याने त्याला दुखावलं असेल त्याचा फोटो तिथे लागायचा. फोटोंची कमतरता नव्हती. निम्म्या तालुक्याची लग्नं त्याने शूट केली होती, त्यामुळे निम्म्या तालुक्याचे चेहरे त्याच्याकडे होते. सीडीवरून हवा तो चेहरा काढायचा, मोठा करायचा, फ्रेम करून पत्र्याच्या पेटीत ठेवायचा. पेटीत रांग लागलेली असायची. एक कॅमेरामन, एक चॅनेलवाला, एक मेव्हणा. कुणाचा नंबर कधी लागेल सांगता यायचं नाही. तो भांडायचा नाही, आवाज चढवायचा नाही. तो गप्प बसला की आम्ही समजायचो, पेटी उघडणार.

हार कसा घालायचा हेही त्यानेच मला शिकवलं. फ्रेमच्या वरच्या कोपऱ्यांवरून सोडायचा, छातीवर आणायचा. "डोले मोकले पायजेत. मेलेल्या नटाकडं दुसरं काय हाय? तो डोल्यानंच काम करतो." मी रोज शॉटआधी स्टुलावर चढून हार सरळ करायचे आणि वहीत लिहून ठेवायचे, डावीकडून किती, उजवीकडून किती.

त्याच्या सूडांपैकी एक तर मी डोळ्यांनी पाहिला. दिघाशीजवळच्या एका गावच्या माजी सरपंचांनी कधीकाळी मुलाच्या हळदीत दारूच्या भरात त्याचा कॅमेरा हिसकावून विहिरीत टाकला होता. तरेचा पहिला कॅमेरा. तो तेव्हा कपडे झटकून घरी गेला. नऊ वर्षांनी सरपंच आमच्या मालिकेत सासरे झाले, हार घालून. आठवडाभरात त्यांच्या दारात माणसं भेटायला येऊ लागली. अकलोलीची व्याहीण रडतच उतरली रिक्षातून, आणि ओट्यावर दाढी करत बसलेले सरपंच बघून तिथेच मटकन बसली.

माणसं यायला लागल्याच्या चौथ्या दिवशी सरपंच पाच जणांना घेऊन गोदामात आले. तरेने खुर्ची दिली, चहा मागवला.

"फोटो काढ, हिराजी," सरपंच म्हणाले.

"कसा काढू? तुमी धा भाग झाले मरून. आता जितं केलं तर लोक मना येडा म्हनतील."

"काय पायजे तुला?"

"कॅमेरा."

"नवा घेऊन देतो."

"त्योच."

मे महिना होता, विहिरीला पाणी कमी. सरपंचांनी दोन माणसं उतरवली. दुसऱ्या दिवशी गाळाने भरलेला, गंजून गेलेला कॅमेरा गोणपाटात गुंडाळून आला. तरेने तो स्वतः फडक्याने पुसला आणि टेबलावर ठेवला. शेवटपर्यंत तो तिथेच होता. पुढच्या भागात वाऱ्याने खिडकी आपटली आणि सासऱ्यांचा फोटो खाली पडून फुटला, सुनेला त्यात अपशकुन दिसला, आणि कथा वीस भाग पुढे ढकलली गेली. अशी त्याची कामं. तेव्हा मीही सगळ्यांबरोबर पोट धरून हसले होते.

कामात मात्र तो थोर होता, काय करणार. आमच्या गोदामाला लागूनच पॉवरलूम. दिवसभर खटखट. दुसरा कुणी असता तर जागा सोडून गेला असता. तरेने पौराणिक मालिकेची लढाई, धावपळ, तांडव सगळं लूम चालू असताना घेतलं, तालावर पावलं टाकायला लावून. शुक्रवारी लूम बंद. म्हणून आमचे देव शुक्रवारीच बोलायचे. मध्येच वीज गेली आणि खटखट थांबली की तो ओरडायचा, "पार्वती, बोल लवकर," आणि पार्वती हातातलं भजं टाकून जनरेटरच्या उजेडात गहिवरून बोलायची.

त्याचा सिनेमा याच लूमच्या आवाजातून निघाला. पण तो त्याच्या डोक्यातून निघाला नव्हता, माझ्या आईच्या आयुष्यातून निघाला होता.

माझी आई तीस वर्षं लूमच्या खोलीत दोऱ्याच्या कांड्या भरायची. त्या आवाजात शेजारणीचं बोलणं ऐकू येत नाही, म्हणून तिथल्या बायका आवाज न काढता नुसत्या ओठांनी बोलतात. सासूच्या तक्रारी, मुलीचं लग्न, कुणाची शिफ्ट बदलली, सगळं ओठांवर. आईला पुढे पुढे कमीच ऐकू यायला लागलं, तेव्हा आम्ही घरीही तसंच बोलायला लागलो. एकदा ती डबा घेऊन सेटवर आली आणि आम्ही दोघी लूमच्या खटखटीत दहा मिनिटं अशा बोललो. तरे कोपऱ्यातून बघत होता. आई गेल्यावर म्हणाला, "लिहून आन."

मी लिहून आणलं. लूममधल्या दोन मैत्रिणींची गोष्ट. आईने सिनेमातल्या बाईला महिनाभर ओठांचं बोलणं शिकवलं. शूटिंग सुरू झालं आणि आठव्या दिवशी तरेला कावीळ झाली. अकरा दिवस तो गादीवर होता आणि ते अकरा दिवस मी शूट केले. त्यातच शेवटचा प्रसंग होता, जो बघून लोक रडले. उठून आल्यावर त्याने सगळं पाहिलं, खिशातल्या तीन पेनांपैकी एक काढून मला दिलं आणि म्हणाला, "कथा तुझी. सहदिग्दर्शन पन तुझं. पडद्यावर तुझं नाव पयलं, माझं मागून."

मी ते घरी सांगितलं. आईने शेजारच्या चार घरांत सांगितलं. आमच्या घरातल्या कुणाचं नाव तोवर रेशनकार्डाशिवाय कुठे छापलं गेलं नव्हतं.

सिनेमा तयार होत असतानाच नवी मालिका सुरू झाली आणि पेटी उघडली. या वेळी फोटो निघाला त्याच्या सख्ख्या थोरल्या भावाचा, काशिनाथदादांचा. वडील वारले तेव्हा तरे नाशिककडे शूटिंगला होता. निघालोय म्हणून त्याने कळवलं होतं. पण माणसं ताटकळली, ऊन चढलं, आणि काशिनाथदादांनी अग्नी दिला. हा पोचला तेव्हा राख उरली होती. सगळ्या जगाचे चेहरे साठवणाऱ्या या माणसाकडे बापाचा एक फोटो नव्हता. हे त्याने मला एकदाच सांगितलं, आणि मला त्याची दया आली होती. येऊ नये तिथे मला दया येते.

पण काशिनाथदादा त्या वेळी हॉस्पिटलमध्ये होते, छातीच्या दुखण्याने. मी फ्रेम हातात घेतली आणि म्हटलं, "सर, हा नको. ते ॲडमिट आहेत. घरचे रात्रंदिवस देव पाण्यात घालून बसलेत. टीव्हीवर हार दिसला तर काय होईल?"

"म्हनूनच लाव."

"मी नाही लावणार."

युनिटचे वीस जण ऐकत होते. तरेने सलीमभाईंकडे पाहिलं, तर तेही म्हणाले, "दादा, ये गुनाह मुझसे भी नहीं होगा." तरेने मान हलवली आणि दुसऱ्याच कुणाचा तरी फोटो लावायला सांगितला. काशिनाथदादांची फ्रेम मी घरी नेऊन कपाटात ठेवली, पुन्हा पेटीत जाऊ नये म्हणून. तो गप्प बसलाय हे मला दिसत होतं. आपला फोटो लागेल फार तर, असं मी धरून चालले होते. मी हार घालून छान दिसेन, असंही सलीमभाईंना गमतीत म्हटलं होतं.

सिनेमाचा पहिला खेळ भिवंडीतच होता. आईने निळी साडी नेसली होती, लूममधल्या सहा मैत्रिणी बरोबर आणल्या होत्या. पडद्यावर नावं सुरू झाली. कथा, हिराजी तरे. दिग्दर्शन, हिराजी तरे. सहदिग्दर्शन नव्हतंच. आईला अक्षरं सावकाश लागतात. तिने माझ्याकडे वळून ओठांनी विचारलं, गेलं का? मी म्हटलं, नाही. मग शेवटी असेल, ती म्हणाली. सिनेमा संपला, लोक डोळे पुसत उठले, आणि शेवटची नावं वर सरकत राहिली. गाड्या पुरवणारा होता, नाश्ता पुरवणारा होता, मेकअपवाल्याचा मदतनीस होता. पडदा पांढरा झाला तरी आई हलेना. झाडूवाले रांगेत शिरले, एकाने विचारलं, "मौसी, पिक्चर खतम, किसका राह देख रहे?" सहाही मैत्रिणी ओळीने बसून होत्या, आईला उठ कसं म्हणायचं ते कुणाला कळत नव्हतं. आई म्हणाली, "अजून येईल." मी तिचा हात धरून उठवलं.

दुसऱ्या दिवशी तो जेवत होता तेव्हा मी त्याच्यापुढे उभी राहिले.

"माझं नाव कुठं आहे?"

त्याने घास चावून गिळला. "काशीचा फोटो कुठं हाय?"

"माझ्या कपाटात."

"मंग तुझं नाव पन तिथंच असंल. घरी जाऊन बघ."

मी त्याचं पेन ताटाशेजारी ठेवलं आणि निघाले. दुसरं काही सुचलं नाही. सुचलं असतं तर इतकी वर्षं जळत बसले नसते. त्या सिनेमाला पुढे बक्षिसं मिळाली, मुलाखती छापून आल्या. ओठांची भाषा मला लूमवाल्या बायकांनी शिकवली, असं त्याने एकीत सांगितलं. बायकांनी, असं. नाव घेतलं नाही. आईने शेजाऱ्यांना काय सांगितलं मला माहीत नाही, पण त्यानंतर तिने कधी सिनेमा पाहिला नाही.

पुढे मीही दिग्दर्शन करायला लागले. त्याच्याकडे शिकलेलं सगळं वापरलं, लाज न बाळगता. आणि चार वर्षांपूर्वी मला स्वतःची रोजची मालिका मिळाली. योगायोग म्हणा, गोदाम भिवंडीतलंच, आणि कथेत दिवंगत सासरे. सलीमभाई माझ्याकडे आले होते. त्यांनी विचारलं, "मॅडम, फोटो किसका लगाऊँ?"

मी घरून काशिनाथदादांची फ्रेम आणली. त्यांचा फोटो काढून ठेवला आणि त्या जागी तरेचा घातला. कॅमेऱ्यामागे नसलेला त्याचा फोटो मिळवताना नाकी नऊ आले, शेवटी युनिटच्या सहलीतला एक सापडला. मग जाड पेनाने फ्रेमच्या मागच्या पुठ्ठ्यावर लिहिलं: कथा व सहदिग्दर्शन, वंदना जाधव. पडद्यावर लागायला हवं होतं तेवढ्याच मोठ्या अक्षरांत. आणि स्टुलावर चढून मी स्वतः हार घातला, आखडून, बरोबर डोळ्यांवरून. सलीमभाई खालून म्हणाले, आँखें ढक गईं. मी म्हटलं, वहीत लिहून ठेवा, रोज असाच हवा.

मालिका सुरू झाली. आई माझी मालिका तेवढी बघायची. पहिल्याच दिवशी तिने टीव्हीकडे बोट दाखवलं.

"मेला का गो तो?"

"न्हाय."

"डोले झाकलेत त्याचे."

"हो."

आईने थोडा वेळ बघितलं. मग म्हणाली, "असूं दे."

आठवड्याने त्याचा फोन आला. सहा वर्षांत पहिला. त्याला तेव्हा काम मिळत नव्हतं, दिघाशीला भावाशेजारीच राहायला गेला होता, असं ऐकून होते. मला वाटलं, आता शिव्या देईल, नाहीतर माफी मागेल. दोन्हींसाठी मी उत्तरं तयार ठेवली होती.

"हार खाली घे," तो म्हणाला. "डोले झाकलेत. शिकवलं व्हतं ना तुला."

"आणखी काही सांगायचंय?"

पलीकडे आमच्याच मालिकेचं गाणं वाजत होतं.

"न्हाय," तो म्हणाला आणि फोन ठेवला.

एक वाक्य बोलला असता तर मी हार खाली घेतला असता. फ्रेमच काढली असती. नाही बोलला. मीही चारशे भाग हार हलवला नाही. अधूनमधून त्याचा तोच फोन यायचा, हार खाली घे. मी विचारायचे, आणखी काही? तो ठेवून द्यायचा. पुतण्याने नंतर सांगितलं, काका रोज साडेसातला टीव्हीसमोर बसायचे, दुसऱ्या कुणाला बोलू द्यायचे नाहीत.

मग या वर्षी त्याच पुतण्याचा फोन आला. काका गेले. आणि अडचण अशी, की भिंतीवर लावायला फोटो नाही. प्रत्येक फोटोत काकांच्या तोंडापुढे कॅमेरा. "तुमच्या शिरेलीतला द्याल का?"

मी फ्रेम घेऊन दिघाशीला गेले. काशिनाथदादा ओट्यावर बसले होते, थकलेले, पण धडधाकट. ओळख सांगितली. त्यांना माझं नाव माहीत नव्हतं. त्यांच्यासाठी मी काय करायचं नाकारलं होतं, तेही माहीत नव्हतं, आणि मी सांगायला गेले नाही. त्यांनी भिंतीत स्वतः खिळा ठोकला, आणि दोरी अडकवायला फ्रेम उलटी केली.

पुठ्ठा पाहून थांबले. चष्मा लावला. कमी ऐकू येणाऱ्या माणसासारखं त्यांनी मोठ्यानेच वाचलं. "कथा व सहदिग्दर्शन. वंदना जाधव." घरात, अंगणात माणसं भरली होती. सगळ्यांनी माना वळवल्या.

"वंदना जाधव कोन?"

"मी."

"कनच्या शिनेमाची?"

मी सांगितलं. तो सिनेमा त्या घरातल्या प्रत्येकाने पाहिलेला होता.

"मंग ह्ये मागं कशाला लिवलंस, बाय?"

"पुढं जागा दिली नाही त्यांनी."

भाऊ कसा होता ते काशिनाथदादांना काही मी सांगायला नको होतं. त्यांनी एकदा पुठ्ठ्यावरून हात फिरवला, फ्रेम सुलटी केली आणि खिळ्याला लावली. सुनेने झेंडूचा हार आणून दिला. तो आखूड झाला होता. त्यांनी घातला, तर बरोबर डोळ्यांवर आला. एक पाऊल मागे येऊन त्यांनी मला विचारलं, "बराबर हाय ना? तुमी शिरेलीवाली मानसं, तुमाला कलतं."

स्टूल तिथेच होतं. दोन बोटांचं काम होतं.

"बरोबर आहे," मी म्हटलं, आणि चपला घातल्या.

घरी आले तेव्हा आई ताट वाढून बसली होती. मी तिच्यासमोर बसले आणि आवाज न काढता, नुसत्या ओठांनी सांगितलं, नाव वाचलं.

"मोठ्यानं?" तिने तसंच विचारलं.

"मोठ्यानं."

"किती मानसं व्हती?"

"घर भरून. अंगणात पण."

तिने भाकरी मोडली, माझ्या ताटात ठेवली. मग काहीतरी आठवल्यासारखं केलं आणि डोळ्यांवरून आडवा हात नेऊन विचारलं, हार?

मी मान हलवली. होता तसाच.

"असूं दे," आई म्हणाली.